गोव्याच्या तिखट एंपादिन्हा घरी करताना

एंपादिन्हा म्हणजे मैद्याच्या खुसखुशीत पारीत तिखट-आंबट मांस भरून, वर झाकण बसवून ओव्हनमध्ये भाजलेला दोन-तीन घासांचा पदार्थ. पोर्तुगिजांची राजवट गोव्यात १५१० ते १९६१ अशी साडेचार शतकं होती, त्या काळात त्यांच्याकडची ही पद्धत इथल्या ख्रिस्ती घरांत रुजली. पारीचं वळण तिकडचंच राहिलं, पण आतलं सारण पुरतं गोव्याचं झालं. सुक्या मिरच्या, लसूण, लवंग-दालचिनी आणि माडाच्या सुरेचं (माडीचं) व्हिनेगर ही त्याची ओळख. नाताळात आणि फेस्ताला (चर्चच्या सणाला) एंपादिन्हा हमखास होते. तरी वर्षभरात कधीही करता येईल असा हा पदार्थ आहे आणि घरच्या साध्या ओटीजीत (छोट्या विजेच्या ओव्हनमध्ये) तो उत्तम होतो.

एंपादिन्हा बिघडली की दोष मसाल्यावर जातो. खरं कारण बहुतेक वेळा पाणी असतं. सारणात राहिलेलं पाणी खालची पारी भिजवतं, वाफ होऊन झाकण उचलतं आणि फटीतून रस्सा साच्यात उतरून सगळं चिकटवतं. दुसरा शत्रू उष्णता. गोव्याच्या हवेत मळता मळताच लोणी वितळतं आणि पारी चामट होते. म्हणून सारण कोरडं आणि गार, पारीही गार, हे सगळ्या कृतीचं मूळ आहे. सारण आदल्या दिवशी करून ठेवलं की अर्धं काम तिथेच साधतं. पुढची सगळी मापं साधारण २४ एंपादिन्हांची आहेत. साचे वरून ६ सेंटिमीटर रुंद आणि २ सेंटिमीटर खोल, असे धरले आहेत.

सारण: आदल्या दिवशीचं काम

६०० ग्रॅम बिनहाडाचं डुकराचं मांस घ्या. खांद्याचा भाग सर्वांत चांगला, कारण त्यात पाव हिस्सा तरी चरबी असते. मांडीचं सडसडीत मांस घेतलं तर शिजून आणि पुन्हा भाजून ते भुशासारखं कोरडं होतं. खाटकाला खिमा करायला सांगू नका. डुकराचा खिमा भाजताना एकत्र येऊन घट्ट गोळा होतो, तो आकसला की झाकणाखाली पोकळी राहते आणि कापल्यावर आत कोपऱ्यात बसलेलं सारण दिसतं. सुरीने सात-आठ मिलिमीटरचे तुकडे करायचे. मांस तासभर फ्रीजरमध्ये ठेवून थोडं कडक केलं की कापणं सोपं जातं. चरबीचे पांढरे तुकडे वेगळे काढून ठेवा.

मसाल्यासाठी:

काश्मिरी किंवा ब्याडगी सुक्या मिरच्या ८
तिखट सुक्या मिरच्या ३
लसूण १० मोठ्या पाकळ्या
आलं १५ ग्रॅम
जिरे १ चमचा
काळी मिरी अर्धा चमचा
लवंगा ५
दालचिनी ३ सेंटिमीटरचा तुकडा
हळद अर्धा चमचा
माडाचं व्हिनेगर ५० मिलिलिटर
मीठ दीड चमचा (८ ते ९ ग्रॅम)
साखर किंवा गूळ १ चमचा

याशिवाय २०० ग्रॅम कांदा अगदी बारीक चिरून, दोन मोठे चमचे शिळ्या पावाचा कोरडा चुरा आणि २४ बिनबियांची हिरवी ऑलिव्ह लागतील.

मिरची निवडताना रंग आणि तिखटपणा वेगवेगळा मोजायचा. काणकोण तालुक्यातल्या खोल गावच्या मिरचीला २०१९ साली भौगोलिक मानांकन मिळालं. तिचा लाल रंग फार सुरेख असतो आणि तिखटपणा मध्यम. ती मिळाली तर काश्मिरी आणि तिखट असे दोन प्रकार घेण्याची गरज नाही, दहा खोल मिरच्यांत काम होतं. कुठलीही मिरची असो, बिया झटकून टाका. बियांनी वाटण खरखरीत होतं आणि दोन-तीन घासांच्या पदार्थात ती खरखर लगेच जाणवते.

मिरच्या पाण्यात न भिजवता व्हिनेगरमध्येच अर्धा तास भिजवायच्या आणि त्याच व्हिनेगरमध्ये लसूण, आलं आणि बाकी मसाल्यांबरोबर गंधासारख्या वाटायच्या. मिक्सर फिरेना तर आणखी एक-दोन चमचे व्हिनेगर घाला, पाणी घालू नका. पाण्यात वाटलेला मसाला आटवायला जास्त वेळ लागतो आणि तेवढ्या वेळात मांस कोरडं पडतं. माडाचं व्हिनेगर म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात बाटल्यांतून मिळतं. त्याचा आंबटपणा बाटलीगणिक बदलतो, म्हणून आधी थेंबभर चाखून पाहा आणि फार जहाल असेल तर ४० मिलिलिटरच घ्या. दुकानातलं पांढरं सिंथेटिक व्हिनेगर वापरायची वेळ आली तर ३० मिलिलिटर घेऊन त्यात २० मिलिलिटर पाणी मिसळा. त्याला सुरेची गोडसर चव नसते, त्यामुळे साखर अर्धा चमचा वाढवावी लागते.

तयार रेशाद मसाला (मासे भरायचा गोव्याचा लाल मसाला) घरात असेल तर तो चालतो. ६०० ग्रॅम मांसाला चार मोठे चमचे पुरतात. पण त्यात मीठ आणि व्हिनेगर आधीच असतं, हे लक्षात ठेवून वरून मीठ अर्ध्याने कमी करा आणि व्हिनेगर अजिबात घालू नका. मासे भरण्यासाठी केलेल्या मसाल्यात लवंग-दालचिनीचा वास कमी असतो, म्हणून चिमूट-चिमूट दोन्हींची पूड घाला.

वाटण आणि मीठ मांसाला चोळून किमान दोन तास फ्रीजमध्ये ठेवा, रात्रभर ठेवलं तर उत्तम. भांडं काचेचं, स्टीलचं किंवा चिनी मातीचं. उघड्या ॲल्युमिनियमवर व्हिनेगरची क्रिया होते आणि सारणाला धातूची चव येते. शिजवायलाही जाड बुडाचं स्टीलचं पातेलं किंवा मातीचं कुंडलं घ्या.

आता शिजवणं. पातेल्यात चरबीचे तुकडे घालून मंद आचेवर आठ-दहा मिनिटं ठेवा. चरबी सुटून तुकडे पारदर्शक होतील. सुटलेली चरबी दोन मोठ्या चमच्यांहून जास्त असेल तर वरची काढून घ्या. कांदा घालून मध्यम आचेवर कडा तांबूस होईपर्यंत परता. याला बारा ते पंधरा मिनिटं लागतात आणि इथे घाई करू नये. कच्चट कांद्यातलं पाणी नंतर ओव्हनमध्ये सुटतं. मग मसाला लावलेलं मांस घालून आच थोडी वाढवा आणि आठ मिनिटं परता. व्हिनेगरचा नाकात शिरणारा वास जाऊन मसाल्याचा वास वर यायला हवा. तो आला नाही तर व्हिनेगर अजून कच्चं आहे, आणखी दोन-तीन मिनिटं द्या. व्हिनेगर शेवटी घालून आंबटपणा वाढवायचा मोह टाळावा, कारण न शिजलेलं व्हिनेगर बंद पारीत अडकतं आणि पहिल्या घासाला घसा धरतो.

२०० मिलिलिटर गरम पाणी घालून झाकण ठेवा आणि अगदी मंद आचेवर ३५ ते ४० मिनिटं शिजवा. तुकडा दोन बोटांत दाबला की तुटला पाहिजे. डुकराचं मांस इथेच पूर्ण शिजवून घ्यायचं, ओव्हनच्या भरवशावर अर्धं ठेवायचं नाही. ओव्हनमधला वेळ पारीसाठी आहे. कुकरची घाई असेल तर पाणी ७५ मिलिलिटर, एक शिटी आणि मग मंद आचेवर सात मिनिटं. पण कुकरमध्ये तुकड्यांचा आकार मोडतो, म्हणून आमचा कौल पातेल्याला.

मांस शिजलं की झाकण काढून आच मोठी करा आणि ढवळत राहा. आठ-दहा मिनिटांत रस्सा आटेल. चमचा पातेल्याच्या तळावरून ओढा. मागे राहिलेली वाट तशीच राहिली, तिच्यात पाणी भरून आलं नाही आणि कडेने फक्त लाल तेल चकाकलं, तर सारण झालं. वाट लगेच बुजली तर अजून पाणी आहे. साखर इथे घाला, कारण आधी घातली तर ती तळाला लागते. आच बंद करून पावाचा चुरा मिसळा. पोदेराच्या (पाववाल्याच्या) कालच्या पावाचे तुकडे तव्यावर कडक करून चुरले की छान चुरा होतो. तो उरलासुरला रस धरून ठेवतो, म्हणजे सारण दमट राहतं पण पाणी सुटत नाही. हा फरक महत्त्वाचा आहे. चुरा न घालता सारण आटवून आटवून कोरडं केलं तर एंपादिन्हा घशाखाली उतरत नाही.

चव आत्ताच बघायची. मीठ आणि आंबटपणा नुसत्या सारणाला थोडा जास्त वाटला पाहिजे. सौम्य, लोणीदार पारी मिळाल्यावर सगळं एक पायरी खाली उतरतं. भाताबरोबर बरोबर लागेल इतकंच मीठ असेल तर एंपादिन्हा फिकी होईल.

सारण रुंद थाळीत पातळ पसरून पंख्याखाली अर्धा तास गार करा, मग झाकून फ्रीजमध्ये. शिजवलेलं मांस दोन तासांहून जास्त वेळ बाहेर राहू देऊ नका. गोव्याच्या हवेत हा नियम सैल करण्यासारखा नाही. रात्रभरात वर केशरी चरबी गोठते. ती चमच्याने खरवडून काढा, मांसाला लागलेली तेवढी राहू द्या. सगळी ठेवली तर भाजताना वितळून पारीच्या सांध्यातून बाहेर येते. खरवडलेली चरबी टाकायची गरज नाही, बटाटे परतायला ती फार चविष्ट.

पारी

नेवरी (करंजी) करणाऱ्याच्या हाताला इथे उलटं वळण लावावं लागतं. नेवरीला कडकडीत मोहन घालतो. गरम तूप पिठाच्या कणाकणाला लागतं आणि तळल्यावर पारी एकसारखी खुसखुशीत होते. एंपादिन्हाला मोहन गारच हवं. पिठात लोण्याचे छोटे कण शाबूत राहिले तर ओव्हनच्या उष्णतेत ते वितळतात, लोण्यातल्या पाण्याची वाफ होते आणि पारी पापुद्र्यांनी हलकी होते. लोणी साधारण २० अंशांच्या पुढे मऊ पडतं आणि ३२ ते ३५ अंशांत वितळतं. मे महिन्यातलं गोव्यातलं स्वयंपाकघर नेमकं तेवढंच तापलेलं असतं. म्हणून पहाटे किंवा रात्री काम करा आणि मैदासुद्धा अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा.

प्रमाण असं:

मैदा ४०० ग्रॅम
बिनमिठाचं लोणी १८० ग्रॅम
साखर १ मोठा चमचा, दळलेली
मीठ १ चमचा
अंड्याचे बलक २
बर्फाचं पाणी ५० ते ७० मिलिलिटर

दुकानातलं खारं बटर घेतलं तर वेगळं मीठ नको. साखर पारी गोड करण्याइतकी नाही. ती व्हिनेगरच्या आंबटपणाला तोल देते आणि रंग चांगला आणते. तूप वापरलं तर त्यात पाणी नसल्यामुळे पापुद्रे येत नाहीत, पारी नानकटाईसारखी भुसभुशीत होते आणि साच्यातून काढताना मोडते. भर उन्हाळ्यात ५० ग्रॅम लोण्याच्या जागी वनस्पती तूप घेण्याची सवलत घ्यायला हरकत नाही, कारण ते उशिरा वितळतं. त्याहून जास्त घेतलं तर टाळूला थर बसतो.

लोण्याचे एक सेंटिमीटरचे चौकोन करून दहा मिनिटं फ्रीजरमध्ये ठेवा. मैदा, साखर आणि मीठ एकत्र करून त्यात आधी १२० ग्रॅम लोणी बोटांच्या टोकांनी चोळा, मिश्रण रव्यासारखं दिसेपर्यंत. तळहात लावू नका, तो फार गरम असतो. मधूनमधून हात गार पाण्याखाली धरून पुसून घ्या. मग उरलेलं ६० ग्रॅम लोणी घालून हरभऱ्याच्या डाळीएवढे तुकडे राहतील इतकंच मोडा. पहिल्या लोण्याने पीठ झाकलं जातं आणि त्यात पाणी कमी शिरतं, त्यामुळे खालची पारी लवकर भिजत नाही. दुसऱ्या लोण्याने पापुद्रे येतात.

बलक ५० मिलिलिटर बर्फाच्या पाण्यात फेटून पिठावर शिंपडा आणि काट्याने हलवा. मूठभर पीठ दाबल्यावर गोळा धरला की पाणी पुरे. धरला नाही तर चमचाभर वाढवा. पावसाळ्यात मैद्याने आधीच ओल खाल्लेली असते, तेव्हा ५० मिलिलिटरच्या वर जायची वेळ सहसा येत नाही. पोळीच्या कणकेसारखं मळायचं नाही. मळल्याने पिठाला चिवटपणा येतो, मग पारी लाटताना मागे सरते आणि भाजताना साच्यात आकसते. नुसतं दाबून गोळा करा. गोळ्यात लोण्याचे पिवळे ठिपके दिसत असतील तर नेमकं जमलं.

गोळ्याचे दोन भाग करा, एक तळासाठी साधारण ४४० ग्रॅमचा, दुसरा झाकणासाठी २५० ग्रॅमचा. चपट्या वड्या करून प्लास्टिकमध्ये गुंडाळा आणि पाऊण तास फ्रीजमध्ये ठेवा. गोल उंडा ठेवला तर तो आतून गार व्हायला दुप्पट वेळ लागतो.

साचे, भरणं, मुरड

पत्र्याचे किंवा ॲल्युमिनियमचे छोटे साचे बेकिंगचं सामान विकणाऱ्या दुकानात मिळतात. सिलिकॉनचे घेऊ नका. त्यांतून उष्णता हळू जाते आणि तळ पांढराच राहतो. साचा नवा असेल तर तो एकदा तेल लावून रिकामाच २०० अंशांवर वीस मिनिटं भाजून घ्या, म्हणजे पारी चिकटत नाही. नंतर दर वेळी लोण्याचा पातळ हात पुरे.

पारी प्लास्टिकच्या दोन कागदांमध्ये लाटा. पिठी कमी लागते, पोळपाटाला चिकटत नाही आणि मऊ पडली तर तशीच उचलून पाच मिनिटं फ्रीजमध्ये टाकता येते. जाडी अडीच मिलिमीटर. याहून जाड असेल तर आतली बाजू कच्ची राहते, पातळ असेल तर रस झिरपतो. तळासाठी साडेआठ सेंटिमीटरची चकती, झाकणासाठी साडेसहा सेंटिमीटरची. वजन केलं तर तळाची १८ ग्रॅम आणि झाकणाची १० ग्रॅम भरते. पहिल्या दोन-तीन चकत्या काट्यावर ठेवून पाहिल्या की हाताला अंदाज येतो.

चकती साच्यात ताणून बसवू नका. आधी सैल सोडा, मग बोटाने कोपऱ्यात हलकेच ढकला. ताणलेली पारी भाजताना पूर्ववत व्हायला बघते आणि काठावरून खाली सरकते. तळाला आतून अंड्याच्या पांढऱ्याचा पातळ हात द्या. बलक काढल्यावर पांढरं उरलेलंच असतं. भाजताना ते गोठून सारण आणि पारी यांच्यामध्ये पडदा तयार करतं. पारी बसवलेले साचे दहा मिनिटं पुन्हा फ्रीजमध्ये ठेवा.

सारण फ्रीजमधून काढून थेट भरा. कोमट सारण घातलं तर लोणी तिथेच वितळून तळ ओव्हनमध्ये जाण्याआधीच तेलकट होतो. एका साच्यात २५ ग्रॅम, म्हणजे मोठा चमचा सपाट भरून एक आणि वर थोडं. चमच्याच्या पाठीने हलकं दाबून पोकळी घालवा, मध्ये एक ऑलिव्ह रोवा. ऑलिव्ह खाऱ्या पाण्यातून काढून फडक्यावर टिपून घ्यायला विसरू नका, नाहीतर आदल्या दिवशी इतक्या निगुतीने आटवलेलं पाणी तिथून परत येतं. उकडलेल्या अंड्याची फोड घालणारेही बरेच आहेत. ती घातली तर सारण पाच ग्रॅमने कमी करा. सारण काठाच्या दोन मिलिमीटर खाली थांबलं पाहिजे.

काठाला पांढऱ्याचा हात लावून झाकण बसवा आणि मध्यापासून काठाकडे दाबत या, म्हणजे आतली हवा निघते. कडेला नेवरीसारखी मुरड घातली तर सांधा सर्वांत भक्कम होतो आणि दिसतोही सुंदर. घाई असेल तर काट्याच्या दातांनी दाबा. काटा मधून मधून पिठीत बुडवा. झाकणाला सुरीच्या टोकाने एक चीर द्या, आरपार. ती नसली तर वाफ स्वतःची वाट मुरडीतून काढते. एक बलक आणि चमचाभर दूध एकत्र करून वरून लावा. चिरेत बलक साचू देऊ नका, तिथे तो शिजून भोक बुजवतो.

भाजणं

ओटीजी २०० अंश सेल्सिअसवर पूर्ण वीस मिनिटं तापवा, खालचा आणि वरचा दोन्ही रॉड चालू ठेवून. बटणावरचा आकडा आणि आतलं तापमान यांत वीस अंशांचा फरक सहज असतो. ओव्हन थर्मामीटर आत ठेवलं की अंदाजाचा खेळ संपतो. ओव्हन तापतानाच खालच्या कप्प्यात एक रिकामा ट्रे ठेवून तोही तापू द्या. साचे या तापलेल्या ट्रेवर ठेवले की तळाला पहिल्या मिनिटापासून उष्णता मिळते आणि तो भिजायच्या आत शिजायला लागतो. तळ भाजला जाण्यासाठी एवढा एकच उपाय केला तरी निम्मं काम होतं.

खालच्या कप्प्यात २०० अंशांवर १५ मिनिटं, मग मधल्या कप्प्यात १८० अंशांवर १२ ते १५ मिनिटं. घरच्या ओव्हनमध्ये एका वेळी बाराच ठेवा. गर्दी केली तर गरम हवा फिरत नाही आणि मधल्या एंपादिन्हा फिकट राहतात. दुसरी बारा तोवर फ्रीजमध्ये थांबू शकतात. वरचा रंग आधी आला आणि तळ बाकी असेल तर वर फॉइलचा तुकडा सैल ठेवून पुढे भाजा. झालं की नाही हे झाकणावरून ठरवू नका. एक साचा उलटा करून तळ बघा, तो सोनेरी-तपकिरी आणि कोरडा हवा. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्हमध्ये पंखा असतो, तिथे तापमान दहा-पंधरा अंशांनी कमी ठेवा आणि साचे उंच जाळीऐवजी तापलेल्या तव्यावर ठेवा. कढईत मीठ तापवून झाकण ठेवून भाजण्याची युक्ती केकला चालते, इथे नाही. वरून उष्णता मिळत नसल्याने झाकण पांढरं आणि ओलसर राहतं.

बाहेर काढल्यावर दहा मिनिटं साच्यातच ठेवा. गरम असताना पारी नाजूक असते आणि ओढली की मुरड तुटते. मग मात्र जाळीवर काढा. साच्यात थंड होऊ दिल्या तर तळाशी वाफ जमून सगळी मेहनत वाया जाते.

बिघडलं तर कुठे पाहायचं

तळ ओला असेल तर आधी सारण तपासा, मग खालचा रॉड. सारण कोरडं असूनही तळ पांढरा असेल तर ट्रे तापवलेला नव्हता. मुरड उकलली आणि लाल तेल बाहेर आलं असेल तर चरबी खरवडायची राहिली किंवा साचा काठोकाठ भरला गेला. पारी दगडासारखी झाली असेल तर पाणी जास्त झालं किंवा ती मळली गेली. लाटताना उरलेल्या कातरणांचं तिसऱ्यांदा लाटलेलं आवरणही असंच कडक होतं. कातरणं एकदाच पुन्हा लाटा, त्यानंतरची नुसतीच जिरे घालून भाजा. उलट पारी हातात घेताच भुगा होत असेल तर पाणी कमी पडलं आहे.

सारण कडवट लागत असेल तर बहुधा मिरच्या वाटण्याआधी भाजल्या गेल्या आहेत किंवा लवंग वाढली आहे. या प्रमाणाला पाचच्या वर लवंग नको, पारीच्या आत तिचा वास कोंडून दुप्पट जाणवतो. आंबटपणा दुसऱ्या दिवशी जास्त लागला तर भरण्यापूर्वी एक उकडलेला बटाटा कुस्करून मिसळा आणि मीठ पुन्हा बघा.

दुसरी सारणं

डुकराचं मांस सगळ्या घरांत चालत नाही आणि ते नसेल तर ही कृती अडत नाही. कोंबडी घेतली तर मांडीचं बिनहाडाचं मांस ७०० ग्रॅम घ्या, छातीचं नको. व्हिनेगर ३५ मिलिलिटर, पाणी फक्त ६० मिलिलिटर, शिजायला १५ ते १८ मिनिटं. चरबी नसल्यामुळे तीन मोठे चमचे तेल लागेल आणि दाटपणासाठी एक उकडलेला बटाटा बारीक फोडी करून घालावा. मटणाचा खिमा चालतो, कारण त्याला बटाट्याने मोकळं ठेवता येतं. ६०० ग्रॅम खिमा दोन खेपांत मोठ्या आचेवर परतून घ्या, मग मसाल्यात अर्धा तास शिजवा.

गोव्याच्या चोरीसाच्या (डुकराच्या मांसाच्या मसालेदार सॉसेजच्या) एंपादिन्हा फार चविष्ट होतात, पण हात राखून. ३०० ग्रॅम चोरीस वरचं आवरण काढून, १५० मिलिलिटर पाण्यात २५ मिनिटं शिजवा. चोरीस कच्च्या मांसाचा असतो, तो नुसता परतून भरू नये. सुटलेली चरबी जवळजवळ सगळी गाळून घ्या. त्यात २०० ग्रॅम परतलेला कांदा आणि २०० ग्रॅम उकडलेला बटाटा घाला. मीठ, मिरची, व्हिनेगर काहीही वरून नको, सगळं त्यात आहेच. सारण थोडं कमी भरेल, त्यामुळे अठरा-वीस एंपादिन्हा होतील.

सुंगटांचं (कोळंबीचं) सारण करायचं असेल तर सोललेली बारीक सुंगटं मीठ लावून मोठ्या आचेवर दोनच मिनिटं परता आणि लगेच उपसून काढा. सुटलेलं पाणी कांदा-मसाल्यात आटवा आणि मसाला कोरडा झाल्यावर सुंगटं परत मिसळा. मसाल्यातच शिजवत बसलात तर ती रबरासारखी होतात आणि पाणीही सुटत राहतं.

तयार पफ पेस्ट्रीच्या पट्ट्या वापरून झटपट करता येतं, पण तो बेकरीतल्या पॅटिसचा प्रकार झाला. पफ पेस्ट्री साच्यात फुगून सारण वर ढकलते आणि तळाशी दबून कच्ची राहते. तिचे चौकोन कापून त्रिकोणी पॅटिस करा, एंपादिन्हासाठी वापरू नका.

साठवण

भाजलेल्या एंपादिन्हा पूर्ण गार झाल्यावर बंद डब्यात फ्रीजमध्ये तीन दिवस टिकतात. बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नका, व्हिनेगर आहे म्हणून निश्चिंत राहू नये. गरम करताना ओव्हन १६० अंश, दहा ते बारा मिनिटं, आणि मध्य वाफाळता गरम झाल्याशिवाय काढू नका. मायक्रोवेव्हमध्ये सारणातली ओल पारीत शिरते आणि ती लिबलिबीत होते.

नाताळासाठी आधीपासून तयारी करायची असेल तर कच्च्याच गोठवा. बलक न लावता साच्यासकट फ्रीजरमध्ये ठेवा. कडक झाल्यावर साच्यातून काढून पिशवीत हवा काढून बंद करा. महिनाभर चव बदलत नाही. भाजताना वितळू देऊ नका. गोठलेल्याच परत साच्यात ठेवून बलक लावा, तापलेल्या ट्रेवर २०० अंशांवर १५ मिनिटं आणि मग १८० अंशांवर २० ते २५ मिनिटं भाजा.